पिना कोणी वाकवल्या

हे आजवर माझ्या तोंडून बाहेर पडलेलं नाही. बायकोला माहीत नाही. ज्या परब काकांनी मला हे काम शिकवलं त्यांना तर नाहीच नाही. ते आता कणकवलीजवळ गावी असतात, महिन्यातून एकदा फोन करून "धंदो बरो चलता मां?" विचारतात, मी "झकास" म्हणतो आणि विषय संपतो. तुम्हाला सांगतोय, कारण तुम्ही माझ्या दुकानात कधी आला नसाल. आला असाल तर — तर तुमच्याबद्दलही मी मनात काहीतरी वाईट बोललो असेन, हे धरून चाला.

स्वभावच तसा आहे. मुलुंड पश्चिमेला माझं कॉम्प्युटर जोडून देण्याचं आणि दुरुस्तीचं दुकान आहे. सोळा वर्षं गिऱ्हाइकांवर जगतोय आणि गिऱ्हाईक मला आवडत नाही. "प्रोसेसर किती जीबीचा घेऊ?" असं विचारणारा. मॉनिटरलाच कॉम्प्युटर समजून तेवढाच रिक्षात घालून दुरुस्तीला आणणारा. ज्यांचा भाचा परदेशात 'यातच' असतो ते सोसायटीचे सेक्रेटरी. पण हे परवडले. आपल्याला काही कळत नाही, हे त्यांना निदान दुकानाची पायरी चढल्यावर तरी कळतं. माझं डोकं फिरतं ते व्हिडिओवाल्यांवर. चार व्हिडिओ बघायचे, सामानाची यादी करायची, सगळं ऑनलाइन मागवायचं, आणि अडलं की माझ्याकडे यायचं — ते पुन्हा मलाच शिकवायला! अर्ध्या हळकुंडाने पिवळे झालेले लोक.

आणि मी? मी पूर्ण हळकुंडाचा, असं मला वाटतं. अजूनही वाटतं. कबुली दिली म्हणून ही खोड जाईल, अशा भ्रमात तुम्ही राहू नका, मी तर नाहीच.

आता थोडं कामाचं सांगावं लागेल, नाहीतर मी काय केलं ते तुम्हाला कळायचं नाही. कॉम्प्युटरच्या डब्यात एक मोठा बोर्ड असतो. त्याच्यावर एक चौकोनी खाच असते, तिला सॉकेट म्हणतात. त्यात प्रोसेसर बसतो — तो कॉम्प्युटरचा मेंदू वगैरे, हे तुम्ही ऐकलं असेलच. या सॉकेटमध्ये सतराशे पिना असतात. सतराशे! केसाएवढ्या, सोनेरी, सगळ्या एकाच बाजूला किंचित कललेल्या. एक जरी वाकली तरी बोर्ड सुरू होत नाही. म्हणून नव्या बोर्डावर कंपनी एक काळी प्लास्टिकची टोपी बसवून देते. ती टोपी काढताना, लावताना, प्रोसेसर ठेवताना हात हलला की संपलं. आणि पिन वाकली की कंपनीची वॉरंटी नाही. कोणी वाकवली हे कंपनी विचारत नाही.

म्हणून परब काकांची एक पद्धत होती. गिऱ्हाइकाने बोर्ड आणला की आधी त्याच्यासमोर टोपी उघडायची, बोर्ड दिव्याखाली तिरका धरायचा आणि पिना दाखवायच्या. उजेड सगळ्या पिनांवरून सारखा सरकला पाहिजे. त्याने बघितलं, आपण बघितलं, की मगच हत्यार उचलायचं. "पयलां दाखव, मगे हात लाव." टीव्ही, रेडिओ, व्हीसीआर, सगळ्यांत आयुष्य घालवलेला माणूस, हे वाक्य ते दिवसातून दहादा म्हणायचे. मला ते पाठ होतं. आमच्या धंद्यात यालाच इमान म्हणतात, दुसरं काही नाही.

तीन वर्षं झाली असतील. शनिवारची दुपार. दुकानात दोन नेहमीची गिऱ्हाइकं गप्पा मारत बसलेली. तेवढ्यात एक मुलगी आणि तिची आई आल्या. कांजूरमार्गहून. मुलगी चोवीस-पंचवीसची, नाव स्नेहल. आई शाळेत शिपाई होती, शाळेतूनच आली असावी, साडी शिपायांच्या गणवेशाचीच होती. तिने बोर्डाची पेटी टॉवेलमध्ये गुंडाळून दोन्ही हातांनी छातीशी धरली होती — मुलीला काही तिने ती उचलू दिलेली दिसत नव्हती. मला आधी हसूच आलं. तेव्हाच मी मनात दोघींना एका खान्यात टाकून मोकळा झालो.

स्नेहल घाटकोपरला एका फर्निचरच्या दुकानात स्वयंपाकघरांची ड्रॉइंग करायची. ओटा कुठे, कपाटं कुठे, चिमणी कुठे, ते सगळं स्क्रीनवर उभं करून गिऱ्हाइकाला दाखवायचं. चांगलं करत असावी. घरी स्वतःची मशीन झाली की नोकरी सोडून स्वतःची कामं घेणार होती, दोन कामं बोलूनही ठेवली होती. हे सगळं तिने नाही, आईने सांगितलं. "सगळं हिनंच शोधलंय, दादा. कुठला पार्ट कुठल्याला चालतो, वही भरलीये. तिच्या वडलांना वाटत होतं, तयार घ्यावा. मी म्हटलं, तिला कळतंय ना, करू दे तिला." आईला एवढा अभिमान की ती समोरच्या दोन अनोळखी बाप्यांकडेही वळून वळून बघत होती.

स्नेहलचं काम काय होतं? दहा मिनिटांचं. तिचा बोर्ड एका पिढीचा, प्रोसेसर पुढच्या पिढीचा. सॉकेट दोन्हींचं एकच, त्यामुळे बसतो बरोबर. पण बोर्डाच्या पोटात एक छोटा प्रोग्राम असतो, बायोस म्हणतात त्याला, तो जुना असला तर बोर्ड नव्या प्रोसेसरला ओळखतच नाही. मग आधी जुन्या पिढीचा प्रोसेसर बसवायचा, त्याच्यावर बायोस नवा करायचा, आणि मग नवीन बसवायचा. जुना प्रोसेसर तिच्याकडे कुठून असणार? तेवढ्यासाठी ती माझ्याकडे आली होती. नव्या बायोसची फाइल पेन ड्राइव्हवर घालून आणली होती. गळ्यातल्या ओळखपत्राच्या दोरीला तो पेन ड्राइव्ह अडकवला होता.

मी न बघताच म्हणालो, "कशाला पाहिजे ते? सॉकेट तेच आहे. थेट चालेल."

ती म्हणाली, "नाही दादा, पेटीवर व्हर्जनचा स्टिकर आहे ना, ते जुनं आहे. नाही चालणार."

आणि पेटी माझ्यासमोर फिरवून तिने बोट ठेवलं. स्टिकर होता. मी बघितलाच नव्हता. ती बरोबर होती — आणि काय सांगू, त्या आवाजात उर्मटपणा नव्हता, असता तर मला बरं वाटलं असतं. बसलेल्या दोघांपैकी एक जण फिस्सकन हसला. "काय शेठ, वाट लागली तुमची!" बस, एवढंच. एवढ्याशा हसण्यावर माणूस किती खाली जाऊ शकतो, असं तुम्हाला वाटतं? मलाही वाटलं नव्हतं.

मी पेटी उचलली आणि पार्टिशनमागच्या टेबलावर गेलो. टोपी त्यांच्यासमोर उघडली नाही. पिना दाखवल्या नाहीत. हिला काय दाखवायच्या, हिला सगळं येतंच की! मुद्दाम दाखवल्या नाहीत, विसरलो नव्हतो.

आत गेल्यावर ठाण्याच्या एका दोस्ताचा फोन आला. मी फोन कान आणि खांद्यात धरला, टोपी काढली, माझा जुना प्रोसेसर उचलला आणि त्याला सांगायला लागलो — अरे, एक मॅडम आल्यात, गळ्यात पेन ड्राइव्ह घालून, मंगळसूत्रासारखा, आईला घेऊन आल्यात बायोस शिकवायला — तो हसला, मी हसलो, आणि हसताना खांदा हलला. फोन घसरला, तो धरायला गेलो आणि प्रोसेसर बोटांतून सुटला. कोपऱ्यावर पडला. बरोब्बर सॉकेटमध्ये.

बोर्ड दिव्याखाली धरला. उजेड सगळ्या पिनांवरून सरकला आणि एका कोपऱ्यात अडला. सहा-सात पिना आडव्या.

इथपर्यंत चूक आहे. चूक कोणाचीही होते, माझ्या हातून आधीही दोनदा झाली होती, दोन्ही वेळा मी गिऱ्हाइकाला नवा बोर्ड दिला होता. इथपर्यंतचं सांगायला मी तुम्हाला धरून बसवलं नसतं. यापुढचं ऐका.

मी फोन बंद केला. काळी टोपी पुन्हा सॉकेटवर लावली. नीट, टक् असा आवाज येईपर्यंत. बोर्ड पेटीत ठेवला, पेटी बाहेर आणली, काउंटरवर ठेवली आणि म्हणालो, "या, आधी पिना बघून घेऊ. माझी पद्धत आहे. गिऱ्हाइकाने बघितल्याशिवाय मी हात लावत नाही."

परब काकांचं वाक्य. जसंच्या तसं, फक्त मराठी शहरी करून.

दिवा ओढला, टोपी उघडली, बोर्ड तिरका केला. आणि भुवया वर केल्या! भुवया वर करायची काही गरज होती का? पण केल्या. "अरेरे," म्हणालो. "मॅडम, घरी ही टोपी उघडली होती का?"

ती खोटं बोलली असती तर? "नाही" म्हणाली असती, तर माझ्याकडे उत्तर नव्हतं. पण ती म्हणाली, "हो, एकदा. फक्त बघायला." आणि लगेच मोबाइल काढला, तिने पिनांचा फोटो काढून ठेवला होता. व्हिडिओत सांगतात म्हणे, आधी फोटो काढा. फोटो स्वच्छ होता. सतराशेच्या सतराशे पिना सरळ. तो कोपरासुद्धा. मी तो मोठा करून बघितला, सावकाश बघितला, आणि म्हणालो, "हा उघडल्यावरचा फोटो आहे. वाकतात त्या परत टोपी लावताना."

हे खरं आहे, हेच तर त्यातलं घाणेरडं आहे. टोपी लावताना पिना खरंच वाकतात. माझ्या सगळ्या अनुभवाचा, तेरा वर्षांच्या हातोटीचा मी त्या दिवशी कशासाठी उपयोग केला? एका मुलीचा पुरावा खोडण्यासाठी. ती फोटोकडे बघत राहिली, मग स्वतःच्या उजव्या हाताच्या बोटांकडे. तिने कसं लावलं होतं, ते आठवत असणार. आणि तिला ते तसं आठवलंही असणार, कारण माणसाला पटवलं की आठवतं.

आई म्हणाली, "तुला हात लावायची काय गरज होती गं?"

ओरडून नाही. हळू. टॉवेलची घडी घालत. इतका वेळ ती मुलीकडे ज्या डोळ्यांनी बघत होती, ते डोळे त्या एका वाक्यात बदलले, आणि मी ते काउंटरच्या या बाजूने आरामात बघितलं. स्नेहल रडली नाही. "सॉरी आई," म्हणाली. मग मला म्हणाली, "सॉरी दादा, तुमचा वेळ गेला." मला! मी तपासणीचे पैसे घेतले नाहीत, वर मोठेपणाने दोन शब्द सुनावले — की मॅडम, व्हिडिओ बघून होत असतं तर आम्ही दुकानं कशाला उघडली असती. बसलेले दोघे माना डोलवत होते. बोर्ड तिने घरी नेला नाही. "राहू दे इथेच, घरी बघवणार नाही," म्हणाली. जाताना आईने मला हात जोडले.

नंतर कधीतरी कळलं, नवा प्रोसेसर त्यांनी कोणाला तरी विकला आणि ती घाटकोपरच्या नोकरीतच राहिली. बोलून ठेवलेल्या दोन कामांचं काय झालं, मी विचारलं नाही.

तुम्ही म्हणाल, संपलं. नाही संपलं. पुढच्याच रविवारी, दुकान अर्धं बंद ठेवून, मी तो बोर्ड भिंगाखाली घेतला आणि सुईने एकेक पिन उभी केली. दोन तास लागले. हे मला येतं, परब काकांनीच शिकवलंय. पहिल्याच दिवशी मला हे येत होतं, हेही लक्षात ठेवा. मग जुना प्रोसेसर बसवला. बोर्ड सुरू झाला. बायोस नवा केला. तिच्या पेन ड्राइव्हवरची तीच फाइल, मी कंपनीच्या साइटवरून उतरवली, नाव-नंबर सगळं तेच. पुढच्या पिढीचा एक प्रोसेसर दुकानात होता, तो बसवला. पहिल्या झटक्यात स्क्रीन आली. तिच्या वहीत लिहिलेलं अक्षरन् अक्षर बरोबर होतं.

बोर्ड ठेवून घेताना केलेल्या पावतीवर तिचा नंबर होता. पावती काउंटरवरच्या खिळ्याला टोचलेली होती, माझ्या नाकासमोर. मी फोन केला नाही. काय सांगणार होतो, असं मी स्वतःला विचारायचो. काय म्हणजे? "बोर्ड दुरुस्त झाला, घेऊन जा" — एवढं तरी सांगता आलं असतं की नाही? खोटं तसंच झाकून ठेवूनसुद्धा तिला तिचा बोर्ड परत देता आला असता. तेही केलं नाही. कारण ती आली असती, आणि तिने पेन ड्राइव्ह लावून बघितला असता, आणि मशीन चालली असती, आणि माझ्यासमोर उभी राहून ती पुन्हा बरोबर ठरली असती. तेवढं मला नको होतं. त्याहून भारी कारण शोधलं, सापडलं नाही.

बोर्ड मी दुकानातच ठेवला. आता त्याच्यावर मी लोकांचे प्रोसेसर तपासतो. उत्तम बोर्ड आहे, निवड चांगली होती.

वर मी तिचा किस्सा केला. होय! व्हिडिओवाला कोणी आला की मी सांगायचो, एक मॅडम आल्या होत्या कांजूरमार्गच्या, वही भरून आणली होती, आणि घरीच पिना झोपवून आल्या. लोक हसायचे. सांगून सांगून तो किस्सा इतका रंगला की मधेमधे मला तो खरा वाटायचा. मी भिंतीवर पाटीही लावली, घरी उघडलेला बोर्ड तपासला जाणार नाही. ती पाटी अजून आहे.

या दिवाळीनंतर ती पुन्हा आली. नवरा बरोबर होता. लग्नाला वर्ष झालं असावं. नवरा बरा होता, हसरा, जोगेश्वरीला कुठे कामाला होता. त्याला गेम खेळायला मशीन जोडून हवी होती. मित्राकडून यादी करून आणली होती. त्याने यादी काउंटरवर पसरली आणि मी वरून खाली बघत आलो. बोर्ड नव्या जातीच्या मेमरीचा, आणि खाली मेमरी लिहिलेली जुन्या जातीची. ती त्या बोर्डात बसतच नाही, खाचच वेगळी असते. आमच्या धंद्यातली पहिलीतली चूक. मी मनात म्हटलं, आला आणखी एक शहाणा.

तेवढ्यात माझं लक्ष तिच्याकडे गेलं. ती नवऱ्याच्या खांद्यावरून यादी वाचत होती. तिची नजर वरच्या ओळीवर गेली, खालच्या ओळीवर आली, परत वर गेली आणि थांबली. तिला दिसलं होतं. मला जेवढ्या वेळात दिसलं, त्याहून कमी वेळात तिला दिसलं होतं. तिने तोंड उघडलं. "अरे, ही मेमरी —" एवढं म्हणाली.

नवरा वळला. "काय गं?"

तिने माझ्याकडे बघितलं. मग म्हणाली, "काही नाही. दादांनाच बघू दे. मला नाही कळत यातलं."

नवरा हसला, प्रेमानेच हसला. "घाबरते हो ही. हिने म्हणे लग्नाआधी एक नवा बोर्ड बाद केला होता. सासूबाई अजून सांगतात सगळ्यांना!" तीही हसली. सवयीने हसली. तिला मी ओळखलं की नाही, हे ती बघत होती बहुतेक, आणि मी ओळखलं नाही असं दाखवलं.

मी यादीतली मेमरी खोडली आणि योग्य ती लिहिली. नवरा तिला म्हणाला, "बघ, बरं झालं ना यांना विचारलं?" ती म्हणाली, "हो." माझ्या डाव्या हाताला, हातभर अंतरावर, तिचा बोर्ड चालू होता. पंखा फिरत होता. कोणाचा तरी प्रोसेसर लावलेला होता, स्क्रीनवर तपासणी चाललेली. तिने एकदा तिकडे बघितलं, तसे सगळेच बघतात.

मग मी नवा बोर्ड काढला, दिवा ओढला, टोपी उघडली आणि पद्धतीप्रमाणे पिना दाखवल्या. नवरा वाकून बघत होता, "बापरे, एवढ्या!" म्हणत होता. मी तिलाही म्हणालो, "बघून घ्या मॅडम." ती एक पाऊल मागे सरकली आणि दोन्ही हात पाठीमागे घेतले.

"नको," म्हणाली, "माझा हात लागेल."

त्या क्षणी सांगता आलं असतं. दुकानात दुसरं कोणी नव्हतं. एक वाक्य होतं, पाच शब्दांचं: पिना मी वाकवल्या होत्या, तुम्ही नाही. पाच नाहीत, सहा आहेत, आत्ता मोजले. मी म्हणालो, "बरोबर आहेत ना पिना?" नवरा म्हणाला, "एकदम." मी टोपी लावली आणि पावतीवर नवऱ्याचं नाव घातलं.

परब काकांचा फोन गेल्या आठवड्यात आला होता. मी झकास म्हणालो.

तिचा बोर्ड टेबलावर आहे. रोज सकाळी शटर वर केलं की पहिल्यांदा तोच सुरू करतो. उद्याही करीन.